एका डॉलरची मुदत

लुई स्लॉटिन 30 मे 1946 रोजी सकाळी 11 वाजता लॉस अलामॉसच्या लष्करी रुग्णालयात वारला. वय 35. नऊ दिवसांपूर्वी त्याच्या हातातल्या स्क्रू ड्रायव्हरचे पाते जागेवरून सटकले होते. अणुविज्ञान शिकणाऱ्या बहुतेकांना एवढे ठाऊक असते. पाते सटकण्याआधीचे दिवस मात्र फारसे कुणी मोजत नाही, आणि खरी हकिकत त्या दिवसांतच आहे.

309 दिवस उरले. 16 जुलै 1945, पहाटे 5:29

न्यू मेक्सिकोच्या वाळवंटात पहिला अणुस्फोट झाला. त्या बॉम्बचा गाभा तीन दिवस आधी, 13 जुलैला, मॅकडॉनल्ड कुटुंबाच्या रिकाम्या केलेल्या रँचवरच्या घरात जुळवण्यात आला होता. जुळवणाऱ्यांत स्लॉटिन होता. मूळचा कॅनडातल्या विनिपेगचा, रशियातून तिथे आलेल्या ज्यू कुटुंबातला. 1936 साली लंडनच्या किंग्ज कॉलेजातून डॉक्टरेट. तिथेच हौशी मुष्टियुद्धात विजेतेपद. मग शिकागो, ओक रिज आणि डिसेंबर 1944 पासून लॉस अलामॉस. गाभ्याचे तुकडे जवळ आणायचे आणि ते कुठवर आणता येतात हे हाताने पडताळायचे, हे त्याचे काम. त्यात त्याचा हात धरणारे फार थोडे होते.

गाभा प्लुटोनियमचा. एका धातूचा दुसरा धातू करण्यासाठी किमयागारांनी शतकानुशतके भट्ट्या फुंकल्या. तसेच काम फेब्रुवारी 1941 मध्ये बर्कलेला ग्लेन सीबॉर्ग आणि त्याच्या सहकाऱ्यांच्या हातून झाले. युरेनियमपासून त्यांनी नवे मूलद्रव्य बनवले, ते डोळ्यांना दिसणारही नाही इतके. चार वर्षांत हॅनफर्डच्या अणुभट्ट्यांतून ते किलोच्या मापाने निघू लागले. त्याचे अर्धायुष्य सुमारे 24,100 वर्षे.

273 दिवस उरले. 21 ऑगस्ट 1945, मंगळवार, रात्री 9:55

जपानने 15 ऑगस्टला शरणागती जाहीर केली होती. तिसऱ्या बॉम्बसाठी तयार असलेला गाभा त्यामुळे पाठवायचा राहिला. वजन 6.2 किलो, व्यास 89 मिलिमीटर, वरून निकेलचा मुलामा. आकार मुठीत मावेल न मावेल एवढा. हाताला कोमट लागायचा, कारण आतले अणू क्षणोक्षणी आपसूक विघटन पावत होते. माणसे त्याला 'रुफस' म्हणत.

हॅरी डॅगलियन, वय 24, रात्रीचे जेवण झाल्यावर एकटाच ओमेगा प्रयोगशाळेत परतला. प्रयोग दुसऱ्या दिवशी सकाळी करायचा ठरला होता. रात्री एकट्याने असले काम करायचे नाही, हा नियमही होता. खोलीत एक पहारेकरी टेबलाशी बसलेला.

डॅगलियन गाभ्याभोवती टंगस्टन कार्बाइडच्या विटा रचत होता. एक वीट 4.4 किलोची. बाहेर पळणारे न्यूट्रॉन या विटा आत परत ढकलतात; जितक्या विटा जास्त, तितका गाभा साखळी प्रक्रियेच्या जवळ. एकूण भार 236 किलोपर्यंत गेला. शेवटची वीट तो वरून मधोमध ठेवणार तोच न्यूट्रॉन मोजणाऱ्या काउंटरने इशारा दिला. इशारा वेळेवर आला होता आणि त्याने तो ऐकलाही. हात मागे घेताना वीट निसटली आणि नेमकी मधोमध पडली.

निळसर उजेड दिसला. त्याने ती वीट ढकलून पाहिली, टेबल उलटायचा प्रयत्न केला, मग विटा एकेक करून हातांनी काढल्या.

248 दिवस उरले. 15 सप्टेंबर 1945

डॅगलियन पंचविसाव्या दिवशी वारला. त्या पंचवीस दिवसांत स्लॉटिन अनेकदा त्याच्या खाटेपाशी बसला होता. हाताला फोड येणे, कातडी सुटणे, मग आतून सगळेच कोसळत जाणे, हे त्याने जवळून पाहिले. पुढच्या दिवसांकडे पाहताना हे ध्यानात ठेवले पाहिजे. धोका ठाऊक नसलेल्यांपैकी तो नव्हता. लॉस अलामॉसमध्ये धोक्याचे तोंड इतक्या जवळून पाहिलेली माणसे बोटांवर मोजण्याइतकी होती, आणि तो त्यांतला एक होता.

नियम कडक झाले. असा प्रयोग करताना किमान दोन माणसे हवीत. न्यूट्रॉन मोजणारी किमान दोन उपकरणे चालू हवीत. हे काम दुरून, यंत्राने करता येईल का याचाही विचार सुरू झाला. गाभा मात्र तोच राहिला, आणि त्याला हात लावणारी माणसेही तीच.

ऑक्टोबर 1945 ते एप्रिल 1946

आता प्रयोग बदलला. टंगस्टनच्या विटांऐवजी बेरिलियमचे दोन पोकळ अर्धगोल आले. खालच्या, मोठ्या अर्धगोलात गाभा बसवायचा. वरचा, 23 सेंटिमीटर व्यासाचा, झाकणासारखा हळूहळू खाली आणायचा. फट जितकी कमी, तितके न्यूट्रॉन आत अडकतात आणि काउंटरचा आवाज दाट होत जातो. फट पूर्ण मिटू द्यायची नाही. त्यासाठी कडेला पाचरी ठेवायच्या, हात सुटला तरी झाकण पाचरींवर अडेल.

स्लॉटिन पाचरी काढून ठेवी. वरच्या अर्धगोलाला माथ्यावर एक भोक होते. त्यात डाव्या हाताचा अंगठा घालून तो झाकण पेले. एक कड खालच्या अर्धगोलावर टेकवलेली. दुसऱ्या बाजूला फटीत स्क्रू ड्रायव्हरचे पाते, ते उजव्या हातात. पाते किंचित फिरवले की फट मिलिमीटरच्या अंशाने कमी-जास्त. अंगात बहुधा निळी जीन्स, पायात काउबॉय बूट. हा प्रयोग त्याने अशा रीतीने डझनभर वेळा तरी केला होता, पुष्कळदा लोकांदेखत.

मांडणीतच खोट होती. हात सुटला तर दोन भाग आपोआप दूर व्हावेत, अशी रचना करता येत होती: झाकण स्थिर ठेवायचे आणि खालचा भाग वर उचलायचा, म्हणजे बिघाड झाला की तो आपल्या वजनाने खाली पडतो. इथे सगळे उलटे होते. गुरुत्वाकर्षण फट मिटवायच्या बाजूने होते, आणि ते रोखणारी एकच वस्तू म्हणजे कुठल्याही कारखान्यात सापडणारा स्क्रू ड्रायव्हर.

एन्रिको फर्मीने, असेच चालू ठेवलेत तर वर्षाच्या आत मराल, असे स्लॉटिनला आणि त्याच्या सोबत्यांना बजावल्याचे सांगितले जाते. फर्मीचा शब्द लॉस अलामॉसमध्ये हलक्यात घेतला जात नसे. हा एक शब्द घेतला गेला.

इथे घड्याळ थांबवून एक हिशेब समजून घ्यायला हवा, कारण तो हिशेब स्लॉटिनचाच आहे.

एक अणुकेंद्र फुटले की दोन-तीन न्यूट्रॉन सुटतात. त्यांतला सरासरी एक जरी पुढचे केंद्र फोडू लागला तरी साखळी स्वतःच्या बळावर चालू राहते. ही क्रांतिक अवस्था. या धातूत न्यूट्रॉनच्या दोन पिढ्यांमधला काळ इतका तोकडा की लॉस अलामॉसमध्ये त्यासाठी 'शेक' नावाचे एकक वापरत. एक शेक म्हणजे सेकंदाचा दहा कोटीवा भाग. या वेगापुढे माणसाचा डोळा, मेंदू, हात, कशाचाच पाड लागत नाही.

माणसाला वाचवणारी एकच गोष्ट आहे. काही न्यूट्रॉन उशिरा येतात. केंद्र फुटते, त्याचे तुकडे काही काळ अस्थिर राहतात, आणि मग सेकंदाच्या अंशाने, काही सेकंदांनी, कधी जवळजवळ मिनिटभराने त्यांतून एखादा न्यूट्रॉन सुटतो. युरेनियम-235 मध्ये असे हजारी साडेसहा. प्लुटोनियममध्ये हजारी दोन. साखळी चालू राहायला या उशिरा येणाऱ्यांची गरज लागते तोवर सगळी प्रक्रिया त्यांच्या चालीने चालते. आकडे सावकाश चढतात, काउंटर सांगतो, हाताला मागे घ्यायला सवड मिळते. जगातल्या सगळ्या अणुभट्ट्या याच सवडीवर चालतात. ट्रॉम्बेची 'अप्सरा' 4 ऑगस्ट 1956 ला क्रांतिक झाली तीही याच भरवशावर. आणि उशिरा येणाऱ्यांवाचून साखळीचे भागू लागले की ती सवड संपते. तिथून पुढचा काळ शेकमध्ये मोजायचा.

जेमतेम क्रांतिक होणे हे एक टोक आणि सवड संपणे हे दुसरे. या दोहोंमधल्या अंतराला 'डॉलर' म्हणायचे आणि त्याच्या शंभराव्या भागाला 'सेंट', ही सूचना लुई स्लॉटिनची. अल्विन वाइनबर्ग आणि युजीन विग्नर यांनी अणुभट्ट्यांवरच्या आपल्या ग्रंथात त्याचे श्रेय त्याला दिले आहे. जगभरच्या अणुभट्ट्यांत ते माप आजही चालते. सेकंद आणि शेक यांच्यामध्ये नेमका किती मोकळा काळ आहे, हे त्याच्याइतके नेमके फार थोड्यांना ठाऊक होते. प्लुटोनियमचा डॉलर युरेनियमच्या एक-तृतीयांशाहून लहान, हेही.

मे 1946

युद्ध संपून नऊ महिने होत आले. पुष्कळ शास्त्रज्ञ विद्यापीठांत परतले होते. स्लॉटिनलाही शिकागोला जायचे होते. जीवशास्त्राला जोडून असलेल्या पदार्थविज्ञानात काम करायचे होते. पण पॅसिफिकमध्ये बिकिनी प्रवाळद्वीपावर जुलैपासून नव्या चाचण्या होणार होत्या. गाभे पारखणारा माणूस हवा होता आणि बदली माणूस तयार व्हायचा होता.

बदली माणूस म्हणजे ॲल्विन ग्रेव्हज. हाताखालून गेल्याखेरीज हे काम येणार नव्हते. एकदा दाखवून द्यायला हवे होते.

21 मे 1946, मंगळवार. दुपार

जागा पाहारितो खोऱ्यातली प्रयोगशाळा, लॉस अलामॉसच्या मुख्य वस्तीपासून काही किलोमीटरवर. खोलीत आठ माणसे. डॅगलियनच्या मृत्यूनंतर ठरलेली किमान संख्या दोन. त्या मोजणीने नियम पाळला गेला होता. पण नियम माणसांची आणि उपकरणांची संख्या सांगत होता. झाकणाखाली पाचर असलीच पाहिजे, असे भाग पाडणारे कुठलेही कुलूप किंवा अडसर त्या टेबलावर नव्हता.

स्लॉटिन टेबलापाशी. ग्रेव्हज त्याच्या मागे, खांद्यावरून वाकून पाहणारा. ॲलन क्लाइन, ड्वाइट यंग, मॅरियन सिस्लिकी, थिओडोर पर्लमन आणि एक पहारेकरी खोलीत इकडेतिकडे. रेमर श्रायबर आपल्या वेगळ्या कामात. त्याचे लक्ष टेबलाकडे नव्हते.

गाभा तोच, रुफस.

हा प्रयोग त्या दिवशी करायलाच हवा होता असे नव्हते. तो काही नव्या मोजमापासाठी नव्हता. शिकवण्यासाठी होता. शिकवताना पाचरी ठेवल्या असत्या तर ग्रेव्हजला त्यातून कमी शिकायला मिळाले असते असेही नाही. मला वाटते, घटनाक्रमातली शेवटची परत फिरता येण्याजोगी जागा ही आहे. नंतरच्या प्रत्येक हालचालीला सेकंदाच्या हिशेबात उत्तर द्यावे लागणार होते.

3:20 च्या आधीची काही मिनिटे

पाचरी बाजूला निघतात. डावा अंगठा माथ्यावरच्या भोकात जातो. एक कड टेकते. पाते फटीत शिरते. काउंटरची टिकटिक सावकाश दाट होऊ लागते, म्हणजे सगळे अपेक्षेप्रमाणे चालले आहे. खिडक्यांतून दुपारचे ऊन आत आलेले.

दुपारी 3:20

पाते सटकते. झाकण खाली बसते. फट मिटते.

एक डॉलर संपतो. वर सुमारे दहा सेंट.

निळी चमक सगळ्यांना दिसते, भर उजेडातही. उष्णतेची एक झुळूक अंगाला लागते. श्रायबर मान वळवतो.

जे व्हायचे ते तोवर झालेले असते. सुमारे 3 वर पंधरा शून्ये इतकी अणुकेंद्रे फुटली. तापलेला गाभा किंचित फुगला, फुगल्यामुळे त्याची घनता घटली आणि पहिला भडका आपोआप खाली आला. स्लॉटिनने डाव्या हाताने झाकण उपटून जमिनीवर टाकले तेव्हा पुढचे थांबले. त्याच्या चपळाईने बाकीच्या सातांना वाचवले, असे नंतर सरकारी गौरवात म्हटले गेले. झाकण तसेच राहिले असते तर गाभा पुन्हा पेटत राहिला असता, हे खरे. पण पहिल्या भडक्याशी कोणत्याही हाताची शर्यत लागू शकत नव्हती, आणि हे सगळ्यांत आधी ज्याला कळले असेल तो स्लॉटिनच.

त्याच्या तोंडात आंबट चव आली. डाव्या हाताची आग होऊ लागली.

3:20 नंतरची काही मिनिटे

माणसे बाहेर धावली. स्लॉटिन बाहेर पडताच त्याला उलटी झाली. किरणोत्सर्गाच्या माऱ्यानंतर उलटी किती लवकर होते, यावरून मात्रेचा अंदाज बांधतात. उलटी जितकी लवकर, तितकी आशा कमी.

त्याने कागद घेऊन चमक झाली त्या क्षणी कोण कुठे उभा होता याचा आराखडा काढला. डॉक्टरांना प्रत्येकाची मात्रा काढायला अंतर लागणार होते. ही त्याची नेहमीची शिस्त.

पण त्याने आणखी एक गोष्ट केली. गाभ्याभोवती किरणोत्सर्ग टिपणारे बिल्ले ठेवून यायला त्याने श्रायबरला सांगितले. म्हणजे तापलेल्या गाभ्याच्या जवळ जायला सांगितले. श्रायबर गेला. बिल्ल्यांवर भरवशाचे काहीच उमटले नाही. एवढी मात्रा बसलेल्या माणसाकडून सारासार विचाराची अपेक्षा धरता येत नाही, असे नंतरच्या अहवालात नमूद झाले. काही मिनिटांपूर्वी त्या खोलीत या विषयावरचा सर्वांत जाणता माणूस तोच होता.

गाडीची वाट पाहताना स्लॉटिनने ग्रेव्हजची माफी मागितली, आपल्यामुळे तू यात सापडलास म्हणून. आपण जगण्याची शक्यता निम्म्याहून कमी आहे, तुझी त्याहून बरी असावी, असेही तो म्हणाल्याचे नोंदले गेले आहे. निम्म्याहून कमी, हा त्याने मुद्दाम सौम्य केलेला आकडा असावा. डॅगलियनला बसलेली मात्रा त्याला ठाऊक होती. स्वतःच्या हाताचे गाभ्यापासूनचे अंतरही ठाऊक होते.

21 मे, संध्याकाळ

रुग्णालय तेच, डॅगलियनचे. वैद्यकीय पथकाचा प्रमुख लुई हेम्पलमन. डॅगलियनवर उपचार करणारा डॉक्टर. आठही जणांना निरीक्षणाखाली ठेवले. स्लॉटिनच्या उलट्या काही तास चालल्या, मग थांबल्या. डावा हात सुजू लागला. त्याला बर्फ लावला.

नंतरच्या अंदाजांनुसार त्याला बसलेली मात्रा एक हजार रॅडहून अधिक होती. ग्रेव्हजला बसली ती त्याहून पुष्कळ कमी. त्याच्या आणि गाभ्याच्या मध्ये स्लॉटिनचे शरीर होते.

22 मे, सकाळ

तब्येत बरी वाटत होती. उलट्या नाहीत, बोलणे नीट, शुद्ध पूर्ण. ज्यांनी डॅगलियनला पाहिले नव्हते त्यांना ही सुधारणा वाटली असती. किरणोत्सर्गाच्या आजारात हा मधला टप्पा सहसा येतो. रक्त बनवणाऱ्या आणि आतड्याचे अस्तर बनवणाऱ्या पेशी आधीच निकामी झालेल्या असतात. जुन्या पेशी आपली मुदत संपेपर्यंत काम रेटतात. त्या संपल्या की त्यांच्या जागी येणारे कुणी नसते.

हातावर मोठे फोड आले. कातडी निळसर पडत गेली. रक्त देण्यासाठी सहकारी पुढे आले, रक्त चढवले गेले. त्याचा मित्र आणि सहकारी फिलिप मॉरिसन जवळ होता.

25 मे

चौथा दिवस. लष्कराने खास विमानाने विनिपेगहून त्याच्या आई-वडिलांना आणले. मुलगा अमेरिकेत नेमके काय काम करतो, हे गुप्ततेमुळे घरच्यांना वर्षानुवर्षे सांगता आले नव्हते. आता तो त्यांच्याशी बोलू शकत होता. बोलायला त्याच्याकडे दोन-तीन दिवस उरले होते.

26 मे

पाचवा दिवस. रक्तातल्या पांढऱ्या पेशी एकदम घसरल्या. ताप आणि नाडी खाली-वर होऊ लागली.

28 मे

सातवा दिवस. बोलण्यात असंबद्धपणा आला. ओठ निळे पडले. प्राणवायूच्या तंबूत ठेवले. त्यानंतर शुद्ध गेली.

30 मे 1946, सकाळी 11:00

मृत्यू. 3:20 पासून 211 तास 40 मिनिटे.

मृतदेह बंद पेटीतून विमानाने विनिपेगला गेला. 2 जूनला दफन झाले.

त्यानंतर

गाभा हाताने जुळवणे तात्काळ बंद झाले. यापुढचे सगळे प्रयोग सुमारे चारशे मीटर दूरच्या नियंत्रणकक्षातून, यंत्राच्या आणि टेलिव्हिजन कॅमेऱ्याच्या साहाय्याने करायचे ठरले. खालचा भाग वर सरकवायचा, बिघाड झाला की तो आपल्या वजनाने खाली येईल, अशी यंत्रे बांधली गेली. डॅगलियननंतर ज्याचा नुसता विचार सुरू होता ते दुसऱ्या मृत्यूनंतर काही महिन्यांत उभे राहू लागले. यंत्रांची विद्या नवी नव्हती. पैसाही त्या प्रकल्पाला कधी कमी पडला नव्हता. 273 दिवसांत हे का झाले नाही, याचे उत्तर मला एकच दिसते: हाताने काम साधत होते, आणि साधत होते तोवर ज्यांच्या हाताने साधत होते त्यांनाच विचारले जात होते.

रुफसचे नाव बदलले. लोक त्याला 'डेमन कोअर' म्हणू लागले, राक्षसी गाभा. बिकिनीच्या मालिकेत तो वापरायचे घाटत होते. ती चाचणी रद्द झाली. 1946 च्या उन्हाळ्यात तो वितळवला आणि त्याचे प्लुटोनियम दुसऱ्या गाभ्यांत मिसळले गेले.

दोन्ही अपघातांतल्या नऊ रुग्णांवरचा हेम्पलमन आणि सहकाऱ्यांचा शोधनिबंध 1952 साली प्रसिद्ध झाला. किरणोत्सर्गाच्या तीव्र आजाराबद्दल डॉक्टर पुढे जे शिकले त्यातले बरेचसे या खाटांवरून आले आहे.

ॲल्विन ग्रेव्हज काही आठवड्यांनी घरी गेला. डोक्याच्या एका बाजूचे केस गेले, पुढे डोळ्यांत मोतीबिंदू झाला. तो कामावर परतला आणि अमेरिकेच्या अणुचाचण्यांच्या वैज्ञानिक बाजूचा प्रमुख झाला. 1 मार्च 1954 ला बिकिनीवरच्या 'कॅसल ब्राव्हो' चाचणीच्या वेळी तो त्या पदावर होता. स्फोट सुमारे 6 मेगाटनांचा होईल असा अंदाज होता. आदल्या रात्री वारे वस्तीच्या बेटांच्या दिशेने फिरत असल्याच्या हवामान नोंदी आल्या होत्या. चाचणी पुढे ढकलली नाही. सकाळी 6:45 ला स्फोट झाला, 15 मेगाटनांचा. राख रोंगेलाप बेटावर पडली आणि जपानी मासेमारी नौका 'डायगो फुकुर्यू मारू'वरच्या 23 खलाशांवर पडली. नौकेचा रेडिओ ऑपरेटर 23 सप्टेंबरला वारला.